परतीचं तिकीट



ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला आहे, त्यांचं भाषण मी विद्यार्थिदशेत एकदाच ऐकलं होतं. बोलायला उभं राहताना ते मनगटावरचं घड्याळ काढून टेबलावर पालथं ठेवत. त्या दिवशी त्यांनी पावणेदोन तास घेतले. मी घड्याळ सुलटं ठेवते आहे, तेव्हा काळजी करू नका.

पत्रिकेत विषय छापलाय तो असा : 'कादंबरीतील प्रवास, प्रेम, वियोग आणि आत्मशोध'. विषय संयोजकांचा आहे, माझा नाही. चारांपैकी पहिले तीन शब्द मला मान्य आहेत. भांडण आहे ते चौथ्याशी. आत्मशोध! हल्ली कादंबरीच्या मलपृष्ठावर हा शब्द नसला तर प्रकाशकाला चुकल्यासारखं होतं. नायक नोकरी सोडतो, हिमालयात जातो, तिथं कोणीतरी भेटतं, कोणीतरी सुटतं आणि शेवटी त्याला 'स्वतःची ओळख पटते'. मला नेहमी प्रश्न पडतो की, ज्याची ओळख पटवायला इतकं लांब जावं लागलं, तो गृहस्थ घरी असताना आरशात काय बघत होता?

चेष्टा बाजूला ठेवते. मला तीन गोष्टी बोलायच्या आहेत. माणूस निघतो कशासाठी, परत कोण येऊ शकतं आणि गोष्ट कोण सांगतं. तिसरी सगळ्यात महत्त्वाची आहे. वेळ कमी पडला तर पहिली आवरती घेईन.

पण आधी एका वर्गात चला. मी मराठी शिकवत होते ते कॉलेज तालुक्याच्या गावचं. बी.ए.च्या वर्गावर विश्राम बेडेकरांची 'रणांगण' होती. ज्यांनी वाचली नसेल त्यांच्यासाठी दोन वाक्यांत सांगते. युरोपातून मुंबईकडं येणारी एक बोट. तिच्यावर चक्रधर विध्वंस हा मराठी तरुण आणि जर्मनीतून हाकलली गेलेली हॅर्टा ही ज्यू मुलगी. बोटीवरच्या मोजक्या दिवसांत दोघांचं प्रेम जमतं. मुंबई येते, तो उतरतो, बोट तिला घेऊन पूर्वेकडं निघून जाते. तिची पत्रं येतात आणि मग तिनं समुद्रात उडी घेतल्याचं कळतं.

मी रंगात येऊन शिकवत होते. मागच्या बाकावरून एक मुलगी उठली. "मॅडम, तो मुंबईला उतरला. ती का नाही उतरली?"

म्हटलं, "तिला उतरायची परवानगी नव्हती."

"मग तो बोटीवर का नाही थांबला?"

मी म्हणाले, "त्याचं तिकीट मुंबईपर्यंतचंच होतं." वर्ग हसला. ती हसली नाही. खाली बसता बसता ती म्हणाली, "म्हंजे त्याला घर होतं म्हणून तो उतरला."

वीस वर्षं मी ती कादंबरी शिकवत होते. महायुद्धाची छाया, मानवतावाद, शोकात्म प्रेम, असं सगळं शिकवलं. हे वाक्य मला सुचलं नव्हतं. आज जे बोलणार आहे ते सगळं त्या मुलीच्या वाक्याचं व्याज आहे.

तर पहिली गोष्ट. माणूस निघतो कशासाठी?

१८५७ साल घ्या. शाळेत आपण त्या वर्षी एकच गोष्ट घडली असं शिकतो. त्याच वर्षी मराठीत बाबा पद्मनजींची 'यमुनापर्यटन' प्रसिद्ध झाली. मराठीतली पहिली कादंबरी म्हणून तिचं नाव घेतात. नावातच पर्यटन आहे, हे लक्षात घ्या. आपल्या कादंबरीनं डोळे उघडले ते रस्त्यावर. यमुना आणि तिचा नवरा विनायक गावोगाव फिरतात आणि जिथं जातील तिथं विधवांच्या हकिकती ऐकतात. विधवाविवाहाचा कायदा आदल्याच वर्षी, १८५६ मध्ये झाला होता. कादंबरी म्हणून ती कशी आहे? खरं सांगायचं तर प्रवचन जास्त, गोष्ट कमी. पण त्या काळात बायकोला बरोबर घेऊन निघालेला आणि तिच्याशी रस्ताभर बोलणारा नवरा कागदावर आणणं, ही लहान गोष्ट नव्हती. आणि पुढं काय होतं? विनायक वारतो. दुसऱ्यांच्या वैधव्याच्या गोष्टी ऐकत निघालेली बाई स्वतः विधवा होते. ऐकणारी होती, तीच गोष्ट झाली. पद्मनजी ख्रिस्ती झालेले, त्यामुळं यमुनेला ते ख्रिस्ती करतात आणि तिचं दुसरं लग्न लावून देतात. शेवट आपल्याला पटो न पटो, पहिल्याच कादंबरीत प्रवास, प्रेम आणि वियोग एका गाडीत बसलेत.

आणि त्याच १८५७ मध्ये कोकणातल्या वरसईहून एक भिक्षुक उत्तरेकडं निघाला होता. विष्णुभट गोडसे. 'माझा प्रवास' ही कादंबरी नाही, पण कादंबरीकारांनी हेवा करावा असं पुस्तक आहे. का निघाले विष्णुभट? आत्मशोधासाठी? छे. घरावर कर्ज होतं. बायजाबाई शिंद्यांचा मोठा यज्ञ होणार, दक्षिणा मिळेल, कर्ज फिटेल, म्हणून काकांबरोबर निघाले आणि बंडाच्या ऐन वणव्यात सापडले. झाशीचा वेढा त्यांनी आतून पाहिला. कमावलेलं लुटलं गेलं. घरी आले ते गंगेची कावड खांद्यावर घेऊन, आणि त्या पाण्यानं आईबापांना स्नान घातलं. कर्ज फेडायला निघालेला माणूस पैसे सोडून दुसरंच काहीतरी फेडून बसला. आणि लिहिलं कधी? १८८३ च्या सुमारास, पंचवीस वर्षं मनात मुरू दिल्यावर. छापलं गेलं १९०७ मध्ये.

म्हणजे आपल्याकडं निघण्याचं कारण नेहमी साधं असतं. कर्ज, शिक्षण, नोकरी, बदली. व्यंकटेश माडगूळकरांच्या 'बनगरवाडी'तला मास्तर पहाटेच्या अंधारात माळ तुडवत चाललेला असतो तो नेमणुकीच्या हुकमावर. नेमाड्यांच्या 'कोसला'तला पांडुरंग सांगवीकर पुण्याला जातो तो शिकायला. स्वतःला शोधायला कोणीच निघत नाही. रस्ता लागल्यावर जे गळ्यात पडतं, ते घेऊन मग जगावं लागतं. म्हणून आत्मशोध या शब्दाशी माझं भांडण. शोध हा शब्द हेतू गृहीत धरतो. आपल्या चांगल्या कादंबऱ्यांना असा हेतू नसतो, आणि त्यामुळंच त्या चांगल्या आहेत.

याला अपवाद सांगायला हवा, नाहीतर सभागृहातले गोनीदांप्रेमी मला घरी जाऊ देणार नाहीत. 'कुणा एकाची भ्रमणगाथा', १९५७. इथं निघण्याला हेतू आहे. नर्मदेची परिक्रमा. गो. नी. दांडेकर पोरवयातच शाळा सोडून घराबाहेर पडलेले, नर्मदाकाठ स्वतःच्या पायांनी तुडवलेले. १३१२ किलोमीटर लांबीची नदी, तिच्या एका काठानं जायचं आणि दुसऱ्या काठानं यायचं. नदी कायम उजव्या हाताला. मुखाशी समुद्रातून नाव करावी लागते, एरवी पात्र ओलांडायचं नाही. पावसाळ्याचे चार महिने सोडले तर एका जागी फार रेंगाळायचं नाही. जवळ साठा ठेवायचा नाही, सदावर्तात मिळेल ते खायचं. शूलपाणीच्या झाडीत भिल्ल अंगावरची वस्त्रंसुद्धा काढून घेत, हीही परिक्रमेच्या परंपरेचाच भाग.

आता या नियमांत प्रेम कसं बसवणार? जिथं थांबायचंच नाही तिथं कोणाचं होऊन कसं राहायचं? गोनीदांनी नेमकी हीच गाठ मारली. वाटेवर यशोदा भेटते. पुढचं मी सांगणार नाही, ग्रंथालय याच इमारतीत आहे. मी फक्त शीर्षकाकडं बोट दाखवते. 'कुणा एकाची'. ज्या पुस्तकाला आपण आत्मशोधाची गाथा म्हणतो, त्यातल्या माणसानं स्वतःचं नाव दाराबाहेर काढून ठेवलंय. इतक्या लांब चालून तो 'कोणी एक' होतो. यशोदेला मात्र नाव आहे.

दुसरी गोष्ट. परत कोण येऊ शकतं?

इथं मी थोडी रेंगाळणार आहे.

हरिभाऊ आपट्यांची 'पण लक्ष्यात कोण घेतो!' ही १८९० पासून 'करमणूक'मधून क्रमशः येत होती. तिची नायिकाही यमूच. पद्मनजींची यमुना आणि हरिभाऊंची यमू, जणू एकाच विहिरीवर पाणी भरणाऱ्या. पुण्याची यमू नवऱ्याबरोबर मुंबईला जाते. आज आपल्याला पुणे-मुंबई म्हणजे सकाळी जाऊन रात्री जेवायला घरी. १८६३ साली रेल्वेनं बोरघाट पार केला आणि अंतर तासांवर आलं, तरी यमूसाठी ती देशांतराएवढी गोष्ट होती. मुंबईच्या बिऱ्हाडात सासू नाही, मामंजी नाहीत. नवरा-बायको एकत्र बसतात, वाचतात, बोलतात. संबंध पुस्तकात ऊन पडलेली जागा ती तेवढीच. मग रघुनाथराव जातात. आणि यमूला परत नेलं जातं. पुण्याच्या घरात, शंकरमामंजींच्या हाताखाली. तिच्या डोक्यावरून वस्तरा फिरतो तो परत आल्यावर.

बघा हं. आपण सहज म्हणतो, शेवटी माणूस घरी परत येतो. घर म्हणजे विसावा. यमूला विचारा. तिच्या लेखी प्रवास हेच घर होतं आणि परत येणं हाच घात.

म्हणजे परतणं ही सगळ्यांसाठी एकच क्रिया नाही. एकाला परत यायला मिळतं. एकाला परत आणलं जातं. आणि एकाला परत जायला जागाच उरलेली नसते.

हा तिसरा प्रकार म्हणजे हॅर्टा. 'रणांगण' १९३९ मध्ये प्रसिद्ध झाली. बेडेकर नुकतेच इंग्लंडला जाऊन आलेले. सिनेमातला माणूस, आणि ही त्याची एकुलती एक कादंबरी. सव्वाशे पानांच्या आसपास. आमच्याकडं साडेसहाशे पानं लिहून जे साधत नाही ते सव्वाशे पानांत. समोर बसलेल्या कादंबरीकार मित्रांनी राग मानू नये.

त्या काळात जर्मनीतून निघणाऱ्या ज्यू माणसाची अवस्था काय होती? १९३८ च्या ऑक्टोबरात त्यांच्या पासपोर्टांवर लाल 'जे' अक्षराचा शिक्का बसू लागला. १९३९ उजाडलं तेव्हा ज्यू बायकांच्या नावात सारा आणि पुरुषांच्या नावात इस्राएल ही नावं सक्तीनं जोडली जात होती. देश सोडताना रोख नेता यायचे ते फक्त १० मार्क. त्यांना घ्यायचं कोणी? १९३८ च्या जुलैत फ्रान्समधल्या एव्हियाँ गावी ३२ देश जमले होते. सहानुभूतीची भाषणं झाली. दारं जवळजवळ कोणीच उघडली नाहीत. मोठ्या शहरांपैकी व्हिसाशिवाय उतरू देणारं एकच बंदर उरलं होतं, शांघाय. म्हणून युरोपातून सुएझ, मुंबई, कोलंबो करत पूर्वेला जाणाऱ्या इटालियन बोटींवर ही माणसं चढत होती. शांघायला पोचलेल्यांची संख्या १८ ते २० हजारांच्या घरात जाते.

आणि आता ज्याच्यासाठी व्याख्यानाला 'परतीचं तिकीट' हे नाव दिलं ती गोष्ट. १३ मे १९३९ ला हॅम्बुर्गहून 'सेंट लुइस' नावाची बोट क्यूबाला निघाली. प्रवासी ९३७, जवळजवळ सगळे ज्यू. बोटकंपनीनं त्यांच्याकडून जायच्या भाड्याशिवाय २३० मार्क आणखी घेतले होते. कशाचे? परतीच्या प्रवासाचे. समोरच्यांनी उतरू दिलं नाही तर परत आणावं लागेल, त्याची तजवीज. विचार करा. ज्यांना हाकलून दिलंय त्यांच्याच पैशांनी परतीचं तिकीट काढायला लावलंय. हवानाला २८ जणांना उतरू दिलं. अमेरिकेनंही दार उघडलं नाही. बोट खरोखरच परत युरोपात आली. चार देशांनी माणसं वाटून घेतली, आणि पुढं युद्ध पेटल्यावर त्यांतले २५४ मारले गेले.

ही 'रणांगण'मधली बोट नव्हे, ते मला माहीत आहे. पण हे कळल्यावर मी ती कादंबरी पुन्हा उघडली, तेव्हा बोटीवरचा प्रत्येक प्रसंग वेगळा दिसायला लागला. एकाच डेकवर, एकाच चांदण्यात दोघं उभे आहेत. जेवण एक, हवा एक. जणू सारखेच दोन प्रवासी. पण त्याचा रोज सरणारा दिवस त्याला घराजवळ नेतोय आणि तिचा तोच दिवस तिला त्याच्यापासून तोडतोय. बोटीच्या एकाच गतीचे दोन अर्थ. बेडेकर हे कुठंही सांगत बसत नाहीत. ते फक्त बंदरं येऊ देतात.

आणि चक्रधर कसा आहे? धीरोदात्त नायक? अजिबात नाही. पूर्वीच्या प्रेमभंगानं कडवट झालेला, बायकांविषयी वाईटसाईट बोलणारा, स्वतःच्या निष्ठुरपणाची ऐट मिरवणारा. असा माणूस बोटीवर पाझरतो. आपल्याला बरं वाटतं. वाटतं, झालं, प्रेमानं माणूस बदलला. इथं दुसरा कोणी असता तर 'आत्मशोध' लिहून मोकळा झाला असता. बेडेकर मुंबई आणतात. आणि बदललेला, पाझरलेला, शहाणा झालेला चक्रधर काय करतो? जिना उतरतो.

त्याला काही करता आलं असतं का? वाचक यावर भांडत आलेत. काही थोड्या लोकांना मुंबईत उतरता आलं होतं, हेही खरं. टाइम्स ऑफ इंडियाचे कलासंपादक वॉल्टर लँगहॅमर, समीक्षक रुडॉल्फ फॉन लायडन, संग्राहक श्लेसिंगर ही हिटलरच्या राजवटीतून निसटलेलीच माणसं. सूझा, रझा, हुसेन यांच्या प्रोग्रेसिव्ह चित्रकारांच्या पाठीशी ती उभी राहिली. मुंबईनं ज्यांना जिना उतरू दिला त्यांनी मुंबईला केवढं दिलं! मग हॅर्टानं काय दिलं असतं? या प्रश्नाला उत्तर नाही, पण चक्रधर हाच प्रश्न घेऊन मुंबईत बसलेला आहे.

'वियोग' हा आपला शब्द फार सोवळा आहे. दोन माणसं दोन बाजूंना सारखीच तुटली असं त्यातून वाटतं. वियोग कधीच सारखा नसतो हो. काठावर उभं राहून हात हलवणारा आणि कठड्याला टेकून हात हलवणारी, दोघांच्या हाताची हालचाल सारखी असते एवढंच.

'कोसला'विषयी मी थोडक्यात बोलते, कारण तिच्याविषयी महाराष्ट्रात सगळेच लांबण लावतात. १९६३. पांडुरंग पुण्याहून सांगवीला परत येतो, पदवी न घेता. त्याला परत यायला गाव आहे, वाडा आहे, न पटणारे का होईनात वडील आहेत. पण पुस्तकाच्या ऐन मध्यावर मनी जाते, त्याची धाकटी बहीण, देवी येऊन. मनीचा प्रवास कुठला? घरातल्या घरात. सगळी पायपीट पांडुरंगाची, गेली मात्र ती, जी कुठं निघालीच नव्हती. तो अजिंठ्याला जातो, बुद्धासमोर उभा राहतो, आणि तरी मनी काही सुटत नाही. पुढं २०१० च्या 'हिंदू'त नेमाड्यांनी परतण्यावरच सगळा डोलारा उभा केला. खंडेराव मोहेनजोदडोच्या उत्खननावर असताना वडील अत्यवस्थ असल्याचं कळतं आणि तो पाकिस्तानातून खानदेशाकडं निघतो. परतीच्या एका प्रवासात अख्खी संस्कृती भरायची हे धाडस मोठं आहे. भरली का? माझ्या मते निम्मी. राहिलेली निम्मी पानं वाचताना मला गाडी यार्डात उभी असल्यासारखी वाटली. हे माझं मत, व्याख्यानमालेचं नव्हे.

आता तिसरी गोष्ट. सांगतं कोण?

आत्तापर्यंत मी जी नावं घेतली त्यांच्याकडं पुन्हा बघा. चक्रधर मागं राहिला, गोष्ट त्याची झाली. पांडुरंग परत आला, त्यानं सांगितली. 'कुणा एका'नं परिक्रमा सांगितली, यशोदेनं नाही. विष्णुभट वरसईला पोचले म्हणून आपल्याला झाशी मिळाली. ज्याच्याकडं परतीचं तिकीट, त्याच्याकडं निवेदन. कादंबरीचं हे छुपं भाडं आहे, आणि आपण वाचक ते बिनतक्रार देत आलोय.

हे फक्त कादंबरीचं आहे का? मराठी गद्याच्या पहिल्या पुस्तकाकडं जा. लीळाचरित्र. तेराव्या शतकातलं. चक्रधरस्वामी हा अखंड चालणारा माणूस. ते उत्तरेला निघून गेल्यावर मागं राहिलेल्यांची जी अवस्था झाली, तिच्यातून म्हाइंभट उठले आणि गावोगाव जाऊन, ज्याला जी आठवेल ती लीळा गोळा करू लागले. पुढं महानुभावांनी स्थानपोथी केली. स्वामी कुठल्या गावी, कुठल्या देवळात, कुठल्या दिशेच्या दाराशी बसले याची नोंद. प्रेमाचं केवढं हट्टी रूप! माणूस हाती लागत नाही, तर त्यानं टेकलेली जागा लिहून ठेवायची. गेलेल्यानं सांगितलेली नव्हे, राहिलेल्यांनी सांगितलेली गोष्ट. आणि साडेसहाशे वर्षांनी बेडेकर आपल्या नायकाला नाव देतात चक्रधर, आणि या चक्रधराला मागं ठेवतात. हा योगायोगच असेल. पण मराठीच्या मास्तरणीला असे योगायोग सोडवत नाहीत.

याला मोठा अपवाद हरिभाऊंची यमू. ती स्वतः सांगते, आणि सांगून संपते. पण तिच्या तोंडून बोलणारी लेखणी पुरुषाची. हरिभाऊंचं मोठेपण मान्य करूनच हे म्हणते.

म्हणून मला गौरी देशपांडे महत्त्वाच्या वाटतात. जन्म १९४२, गेल्या २००३ मध्ये. आजोबा महर्षी कर्वे, आई इरावतीबाई. आजोबांनी ज्या विधवांसाठी झोपडी बांधली, त्यांच्यातच यमुनेच्या नाती असणार. आणि नात लिहिते कोणाविषयी? परदेशी हिंडणाऱ्या, दोन-तीन भाषांत भांडणाऱ्या, नवरा असताना प्रेमात पडणाऱ्या आणि पडल्यावर नाटक न करणाऱ्या बायकांविषयी. 'एकेक पान गळावया' १९८० सालचं. त्यातली 'कारावासातून पत्रे' वाचा. 'रणांगण'मध्येही पत्रं आहेत, पण ती चक्रधराच्या हातात येऊन पडतात. इथं पत्र लिहिणारीच गोष्टीची मालकीण आहे. 'तेरुओ'मधली बाई जपानात तेरुओच्या प्रेमात पडते. कोणी तिच्या डोक्यावरून वस्तरा फिरवत नाही. बुडून जायला समुद्र चोहोबाजूंनी आहे, तरी लेखिका तिला त्यात ढकलत नाही. हे आज साधं वाटेल. पण आधीच्या सव्वाशे वर्षांत प्रेम करून प्रवासाला गेलेल्या मराठी नायिका मोजा आणि त्यांतल्या जिवंत किती राहिल्या ते मला सांगा.

गौरीबाईंचा एक दोषही सांगते, नाहीतर मी त्यांची भक्त ठरेन. त्यांच्या नायिकांना तिकिटाचे पैसे कुठून आले याची फारशी विवंचना नसते. पासपोर्ट जणू पर्समध्ये जन्मतःच असतो. माझी एक विद्यार्थिनी 'तेरुओ' वाचून मला म्हणाली होती, "मॅडम, छान आहे, पण ही बाई कामाला कधी जाते?" मला हसू आलं, आणि मग आलं नाही.

आणि याच गौरीबाईंनी सोळा खंडांत 'अरेबियन नाइट्स' मराठीत आणलं. त्यातली शहरजाद कुठंच जात नाही. एका खोलीत, गळ्यावर तलवार असताना, ती दुसऱ्यांच्या प्रवासाच्या गोष्टी सांगते. जगभर हिंडणाऱ्या नायिका लिहिणारी लेखिका एवढी वर्षं या खोलीत बसलेल्या बाईपाशी का बसली असेल? मी याचं उत्तर तयार करून आणलं होतं. आत्ता बोलताना ते फार हुशारीचं वाटतंय, म्हणून देत नाही.

घड्याळ पाहते. सात मिनिटं आहेत.

आता 'रणांगण'च्या वर्गातली ती मुलगी. तिचं नाव घेणार नाही. ती बीडकडची. दसरा झाला की आईबाप ऊसतोडीला निघणारे. त्या कामात नवरा-बायकोच्या जोडीला मिळून 'कोयता' म्हणतात, एक कोयता. मुकादम आधी उचल देतो, ती फेडायला मग पाच-सहा महिने दुसऱ्या जिल्ह्यात, कारखान्याच्या आसपास, फडाशेजारच्या कोपीत. म्हणजे विष्णुभटांसारखंच, आधी कर्ज, मग प्रवास. विष्णुभटांना तो आयुष्यात एकदा घडला. हे लोक दरसाल जातात, आणि या जाण्याला आपण प्रवास हा शब्द वापरत नाही. स्थलांतर म्हणतो. प्रवासवर्णन आपलं, स्थलांतराचा अहवाल त्यांचा. तिनं 'रणांगण' वाचताना नेमकं बोटीच्या जिन्यावर का बोट ठेवलं, ते मला तिचं गाव कळल्यावर कळलं. लहानपणी ती आईबापांबरोबर फडावर जायची, मग आजीपाशी गावात राहायला लागली. काठावरून हात हलवणं आणि गाडीतून हात हलवणं, दोन्ही तिनं केलेलं.

मी तिला म्हटलं, तू हे लिही. ती म्हणाली, "परीक्षेत?" मी म्हटलं, परीक्षेत नको, असंच लिही. तिनं चार फुलस्केप लिहून आणले. त्यात हॅर्टा होती, चक्रधर नव्हता. बोटीवर बरोबर असलेल्या हॅर्टाच्या आईचं काय झालं असेल, असं तिनं विचारलं होतं. मुलगी समुद्रात गेल्यावर ती म्हातारी एकटीच पुढच्या बंदरात उतरली असेल, तिथं तिला भाकरी कोणी दिली असेल. इतकी वर्षं मी ते पुस्तक शिकवलं, आणि त्या आईच्या भाकरीचा विचार माझ्या मनाला शिवला नव्हता. मी ते कागद आमच्या भित्तिपत्रकात लावले. अक्षर बारीक होतं, फारसं कोणी वाचलं नसावं.

त्या वर्षी वडिलांचा पाय गाडीखाली सापडला. कोयता मोडला. जोडी पुरी करायला दिवाळीनंतर आईबरोबर ती गेली. मैत्रिणी म्हणाल्या, चैत्रात येईल. चैत्रात तिच्या गावची माणसं आली, ती आली नाही. लग्न झालं असं एकीनं सांगितलं, कर्नाटकातल्या कारखान्यावर आहे असं दुसरीनं.

जाताना तिच्याकडं ग्रंथालयाचं 'रणांगण' होतं. वर्षअखेरीच्या मोजणीत ग्रंथपालांनी मला विचारलं, "मॅडम, पुस्तक हरवलं म्हणून लिहू? किंमत भरून घेता येईल." मी म्हटलं, हरवलेलं नाही, वाचकाकडं आहे. त्यांनी माझ्याकडं पाहिलं आणि पेन खिशाला लावलं. मी निवृत्त झाले त्या दिवशी मुद्दाम जाऊन ते रजिस्टर उघडलं. पुस्तकाचं नाव, तिची सही, नेल्याची तारीख. पुढचा रकाना कोराच होता.